हे सगळे पळतायत का? बेडन-पॉवेल यांच्या जुन्या चित्रफिती बघताना

फेब्रुवारीची २२ तारीख जवळ आली की शाळांच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर ती एक ठरलेली चित्रफीत फिरायला लागते. रुंद कडांची टोपी, खाकी हाफ पँट, पांढरी मिशी, हातात काठी. एक म्हातारे गृहस्थ कुठल्याशा परक्या गावात उतरतात, मुलांच्या रांगांपुढून जातात, हात हलवतात. चित्र काळंपांढरं, वर पाऊस पडत असल्यासारख्या रेघा. मिनिटभरात खेळ खलास. खाली कुणीतरी लिहिलेलं असतं, ‘स्काऊट चळवळीचे जनक लॉर्ड बेडन-पॉवेल यांचा दुर्मीळ परदेश दौरा, नक्की पाहा.’

यंदा ती माझ्या भाच्याने माझ्यासमोर धरली. तो सहावीत आहे, नुकताच स्काऊटमध्ये गेलाय. "मावशी, हे सगळे पळतायत का गं? उशीर झालाय का त्यांना?" मग लगेच दुसरा प्रश्न, "आवाज का नाहीये?" आणि तिसरा, जो माझ्या लहानपणी कुणाला सुचलाच नसता, "हे खरंय की एआयने केलंय?"

मी शाळेत गाइड होते. रीफ नॉट आणि क्लोव्ह हिच मला अजून झोपेतही बांधता येईल. पण या तीन प्रश्नांची धड उत्तरं द्यायची तर गाठींपेक्षा जरा जास्त सोडवावं लागतं. त्यासाठी हा लेख.

चळवळ आणि वार्तापट, जवळजवळ एकाच वयाचे

आधी माणूस. रॉबर्ट बेडन-पॉवेल यांचा जन्म २२ फेब्रुवारी १८५७चा, लंडनचा. पेशा लष्करी अधिकाऱ्याचा, आणि त्या नोकरीची सुरुवात १८७६ मध्ये आपल्याकडे, लखनौला झाली. पुढे दक्षिण आफ्रिकेत माफेकिंग नावाच्या गावाला पडलेला २१७ दिवसांचा वेढा त्यांनी झुंजवला आणि ब्रिटनमध्ये ते घराघरांत पोचले. १९०७ मध्ये ब्राउनसी बेटावर वीसेक मुलांचं शिबिर, १९०८ मध्ये मुलांसाठीचं पुस्तक, आणि बघता बघता चळवळ उभी राहिली. १९२० मध्ये लंडनच्या ऑलिंपिया सभागृहात पहिली जागतिक जांबोरी भरली. जांबोरी म्हणजे स्काऊटांचा मोठा मेळावा. तिथे जमलेल्या मुलांनी त्यांना ‘जगाचे चीफ स्काऊट’ म्हणून जाहीर केलं.

आता कॅमेरा. ज्या १९०८ मध्ये ते पुस्तक आलं, त्याच वर्षी पॅरिसमध्ये पाथे कंपनीने चित्रपटगृहांत नियमित बातम्या दाखवायला सुरुवात केली. दोन वर्षांत हे लोण ब्रिटनमध्ये पोचलं. हेच न्यूजरील, म्हणजे वार्तापट. चाळिशी-पन्नाशी ओलांडलेल्यांना समजावून सांगायला नको. फिल्म्स डिव्हिजनची ती काळीपांढरी बातमी आठवा, मुख्य सिनेमाआधी लागायची आणि जिच्यामुळे उशिरा पोचलेल्यांना "अजून सुरू नाही झाला" असं समाधान मिळायचं. तेच ते.

तर एकीकडे जगभर फिरणारा, गणवेशातला, लांबूनही ओळखू येणारा नेता आणि त्याच्यासमोर शिस्तीत उभी हजारो मुलं. दुसरीकडे आठवड्यातून दोनदा नवी बातमी लागणारा, हलत्या चित्रांचा भुकेला धंदा. या दोघांचं जमणारच होतं. बेडन-पॉवेल चित्रं काढायचे, लिहायचे, व्याख्यानं द्यायचे; लोकांच्या डोळ्यांत काय भरतं हे त्यांना पक्कं ठाऊक होतं. त्यामुळे त्या फिती बघताना एक गोष्ट मनात ठेवावी. कॅमेरा तिथे चुकून पोचलेला नाही, आणि समोरच्या माणसालाही तो दिसतोय.

फीत म्हणजे नेमकी कसली?

मोबाईलवर आपण बघतो ती फीत नव्हे, फितीची नक्कल. मूळ वस्तू म्हणजे ३५ मिलिमीटर रुंदीची, दोन्ही काठांना भोकं असलेली लांबलचक पारदर्शक पट्टी. तिच्यावर एकाखाली एक छोटी छायाचित्रं. वहीच्या कोपऱ्यात पानोपानी माणूस काढून पानं फर्रकन सोडली की तो चालल्यासारखा दिसतो. शाळेत सगळ्यांनीच केलेला उद्योग. सिनेमा म्हणजे तेच, वहीऐवजी पट्टी.

यातल्या प्रत्येक छायाचित्राला चौकट म्हणू. एक फूट फितीत १६ चौकटी मावतात. हा आकडा पुढे लागणार आहे.

ती पट्टी बनायची सेल्युलोज नायट्रेटची. हे रसायन बंदुकीच्या दारूसारख्या वापरात असलेल्या गनकॉटनचं सख्खं नातेवाईक. पेटलं तर जळायला बाहेरचा प्राणवायू लागत नाही, तो त्याच्या पोटातच असतो, म्हणून पाण्यात बुडवूनही विझत नाही. चित्र मात्र यावर फार सुरेख उमटायचं. १९५०च्या सुमारास तिचं उत्पादन थांबलं आणि ‘सेफ्टी फिल्म’ सगळीकडे रुळली. तिला वेगळा रोग. ती जुनी झाली की व्हिनेगरचा आंबट वास सोडते, आक्रसते, वळते. नायट्रेटची फीत न पेटताही मरते: आधी चिकट होते, मग फुगते, शेवटी डब्यात तपकिरी भुकटी उरते. लोणचं मुरतं; फीत मुरत नाही, नासते. थंड आणि कोरड्या जागी ठेवली तर सावकाश नासते, इतकंच काय ते माणसाच्या हातात.

वरच्या त्या पावसाच्या रेघा म्हणजे ओरखडे. दर वेळी फीत यंत्रातून धावली की धूळ घासायची. ज्या प्रतीवर रेघा जास्त, ती जास्त वेळा लोकांनी पाहिलेली. मला त्या रेघा म्हणूनच आवडतात.

मग पळतात का सगळे?

कुणी पळत नाहीये. घोळ गणिताचा आहे.

मूकपटांच्या काळात कॅमेऱ्याला मोटर नसायची. छायाचित्रकार हाताने दांडा फिरवायचा. एका फेऱ्यात ८ चौकटी, सेकंदाला दोन फेरे, म्हणजे १६ चौकटी. शिवणयंत्राचं चाक हाताने फिरवताना जसा वेग कमीजास्त होतो तसाच इथेही. कुणी १४वर, कुणी २०वर.

पुढे बोलपट आले. आवाजाला वेग कमीजास्त झालेला चालत नाही, गाणं चिरकतं. म्हणून सेकंदाला २४ चौकटी हा वेग पक्का झाला. आता १६च्या वेगाने टिपलेली फीत २४च्या वेगाने चालवली, तर ६० सेकंदांचा प्रसंग ४० सेकंदांत उरकतो. ज्येष्ठ गृहस्थ तुरुतुरु चालतात, मुलं बाहुल्यांसारखी सलाम ठोकतात, झेंडा वेड्यासारखा फडफडतो. चूक टिपणाऱ्याची नाही, नंतर वेग न जुळवता नक्कल करणाऱ्याची.

घरच्या घरी उपाय आहे. यूट्यूबवर वेग ०.७५ करा. तंतोतंत नाही, पण माणसं माणसांसारखी चालायला लागतात.

एक आडगोष्ट. ‘मूळ वेग’ असा एकच नसायचाही. त्या वेळचे चित्रपटगृहवालेही खेळ लवकर आटपायला यंत्र जोरात पळवायचे. तेव्हाच्या प्रेक्षकांनीही कदाचित बेडन-पॉवेलना जरा घाईतच पाहिलं असेल.

आवाज आहे, पण कुणाचा?

१९२०च्या दशकाच्या शेवटापर्यंत वार्तापट मुकेच होते. मधे मधे अक्षरांच्या पाट्या यायच्या, चित्रपटगृहात कुणी पियानो वाजवायचं. ब्रिटनमध्ये बोलता वार्तापट आला १९२९ मध्ये. आवाज साठवायचा तो फितीच्याच काठावर, प्रकाशाच्या नागमोडी रेघेच्या रूपात.

पण ‘बोलती’ म्हणजे जागेवरचा आवाज, असं समजायचं कारण नाही. ध्वनिमुद्रणाचं सामान गाडीभर असायचं, ते प्रत्येक दौऱ्यावर कोण नेणार? बहुतेक वेळा चित्र मुकंच टिपलं जायचं आणि निवेदन, बँड, टाळ्या, जयघोष हे सगळं नंतर स्टुडिओत चढवलं जायचं. टाळ्यांचे, गर्दीचे आवाज कंपन्यांकडे साठवलेलेच असत. लग्नाच्या व्हिडिओत सनई कॅसेटवरची असते ना, तसं.

खरा आवाज टिपलेले प्रसंगही आहेत. १९३७च्या उन्हाळ्यात नेदरलँड्समधल्या फोगेलनझांग गावात पाचवी जागतिक जांबोरी भरली. उद्घाटनाला राणी विल्हेल्मिना होत्या. बेडन-पॉवेल ८० वर्षांचे झाले होते, आणि ही आपली शेवटची जांबोरी हे त्यांना कळत होतं. तिथलं त्यांचं निरोपाचं भाषण ध्वनिमुद्रित झालं आणि आजही ऐकता येतं. आवाज म्हाताऱ्याचा, पण शब्द तोडून, ठासून बोललेले. मैदानातल्या शेवटच्या रांगेतल्या मुलापर्यंत पोचायला हवं ना.

इथे एक सावधगिरी. त्यांचा ‘शेवटचा संदेश’ म्हणून जे प्रसिद्ध आहे ते भाषण नाही, पत्र आहे. ८ जानेवारी १९४१ रोजी केनियातल्या न्येरी इथे ते वारले, त्यानंतर त्यांच्या कागदपत्रांत ते सापडलं. तेव्हा त्या पत्राचे शब्द त्यांच्या ‘स्वतःच्या आवाजात’ ऐकवणारी एखादी फीत आली, तर तो आवाज दुसऱ्या कुणाचा तरी आहे. माणसाचा किंवा यंत्राचा.

दर वेळी बंदर, सलामी आणि हात हलवणं. एवढंच का?

हा प्रश्न भाच्याने विचारला नाही, पण विचारायला हवा होता. दोन-चार देशांतल्या फिती एकामागोमाग पाहिल्या की लक्षात येतं, देश बदलतो, चित्र बदलत नाही. आगगाडी किंवा बोट येते, टोपी उंचावली जाते, रांगांची पाहणी, संचलन, निरोप.

कारण पुन्हा यंत्रात आहे. कॅमेरा जड, तिवईवर उभा. तिवई हलवून दुसरीकडे नेईपर्यंत पाहुणा पुढे गेलेला. आतल्या खोलीत टिपण्याइतका उजेड नाही, म्हणून सगळं उघड्यावर, उन्हात. शिवाय एका डब्यात मावायची साधारण ४०० फूट फीत. एका फुटात १६ चौकटी, सेकंदाला १६ चौकटी, म्हणजे सेकंदाला एक फूट. चारशे फूट म्हणजे ४०० सेकंद, सात मिनिटांहूनही कमी. फीत महाग. मग छायाचित्रकार काय करणार? जे कुठे आणि कधी होणार हे आधी ठाऊक आहे, तेच टिपणार. गाडी या फलाटावर येणार, सलामी या झेंड्याखाली होणार. अनपेक्षित गोष्टीसाठी त्याच्याकडे फीतही नाही आणि वेळही नाही.

त्या सात मिनिटांतूनही वार्तापटात लागायचा जेमतेम मिनिटभर. उरलेलं कात्रीखाली.

म्हणून ‘दौऱ्याची फीत’ आणि ‘दौरा’ यांत अंतर किती पडतं, त्याचं एक उदाहरण. १९३८ मध्ये बेडन-पॉवेल दांपत्य आणि काही शे स्काऊट-गाइड कार्यकर्ते ‘ओरडुन्या’ नावाच्या बोटीने आइसलँड, नॉर्वे, डेन्मार्क, बेल्जियम असा प्रवास करून आले. पण त्यांची तब्येत इतकी ढासळली होती की डॉक्टरांनी जमिनीवर उतरायलाच मनाई केली. त्यांना भेटायचं तर स्थानिक मुलांनी बोटीवर यायचं. ‘बेडन-पॉवेल यांची आइसलँड भेट’ असं नाव दिलं तर ते खोटं नाही. आइसलँडच्या मातीला मात्र त्यांचा पाय लागला नाही.

चौकटीबाहेर काय राहिलं

आपल्या देशाचंच घ्या. १९२१च्या सुरुवातीला व्हाइसरॉय चेम्सफर्ड यांच्या निमंत्रणावरून ते पत्नी ओलेव्ह यांच्यासह भारतात आले. बाहेरून बघणाऱ्याला हा मेळावे आणि सलाम्यांचाच दौरा दिसेल. आत वेगळंच शिजत होतं.

भारतात स्काऊटिंग आलं १९०९ मध्ये, बंगळूरला, पण ते युरोपियन आणि अँग्लो-इंडियन मुलांपुरतं. आपल्या मुलांना दार बंद. म्हणून इथल्या लोकांनी आपापली पथकं काढली. मध्य प्रांतात नागपूरचे वकील व्हिव्हियन बोस, जे पुढे सर्वोच्च न्यायालयात न्यायाधीश झाले. मद्रासकडे ॲनी बेझंट. अलाहाबादेत मदनमोहन मालवीय, हृदयनाथ कुंझरू आणि श्रीराम बाजपेयी यांची सेवा समिती. खाकी सगळ्यांचीच, निष्ठा मात्र एकसारख्या नाहीत. भोवती असहकाराचं वारं, विद्यार्थी सरकारी शाळा सोडतायत. अशा वेळी या सगळ्यांना एका छत्राखाली आणणं, हे त्या दौऱ्याचं खरं काम होतं. बेझंटबाईंची संघटना विलीन झाली. सेवा समिती बाहेर राहिली.

हा निर्णय कुठल्या मैदानात झाला नाही, बैठकांत झाला. बैठकीत उजेड नव्हता, तिवई नव्हती. त्या दौऱ्यातली एखादी फीत उद्या तुमच्यासमोर आली, तर तिच्यात शिस्तीत उभी मुलं दिसतील. त्या रांगेत जे आलेच नाहीत ते दिसणार नाहीत. आणि तोच तर गोष्टीचा अर्धा भाग आहे. १९३७च्या फेब्रुवारीत ते दिल्लीच्या अखिल भारतीय जांबोरीसाठी पुन्हा आले, तरी तेढ मिटली नाही; पुढच्याच वर्षी हिंदुस्तान स्काऊट असोसिएशन वेगळी उभी राहिली. सगळे एकत्र आले ते स्वातंत्र्यानंतर, ७ नोव्हेंबर १९५० रोजी, ‘भारत स्काऊट्स अँड गाइड्स’ या नावाने. शाळेत आमच्या शर्टावर याच नावाचा बिल्ला होता, आणि त्यामागे चाळीस वर्षांची भांडणं आहेत हे आम्हाला कुणी सांगितलं नव्हतं.

"पण तारीख तर व्हिडिओखालीच लिहिलीय!"

लिहिली कुणी, हा प्रश्न. जुन्या डब्यावरची चिठ्ठी पुष्कळदा नंतर चिकटवलेली असते, आणि यूट्यूबवरचं शीर्षक तर कुणीही टंकतो. तारीख तपासायला फीतच बोलकी करावी लागते.

पाटीवरची पदवी बघा. १९०९ पासून ते ‘सर’ होते, ‘लॉर्ड’ झाले १९२९ मध्ये. पाटीवर ‘लॉर्ड’ असेल आणि शीर्षक १९२४ म्हणत असेल, तर कुणीतरी चुकलंय. ओलेव्ह यांच्याशी त्यांची ओळख १९१२ मध्ये बोटीवर झाली आणि त्याच वर्षी ऑक्टोबरात लग्न, म्हणजे त्या शेजारी पत्नी म्हणून उभ्या असतील तर फीत त्यानंतरची. (दोघांची जन्मतारीख एकच, २२ फेब्रुवारी. गाइडांनी १९२६ मध्ये चिंतन दिनासाठी हीच तारीख निवडली ती म्हणून.) जांबोरीची बोधचिन्हं वेगवेगळी: पांढरं हरीण दिसलं तर १९३३, हंगेरीतलं गॉडॉलो.

आणि मूळ रीळ हातात असेल तर आणखी एक खूण. कोडॅक कंपनी फितीच्या काठावर चौकोन, गोल, त्रिकोण अशा बारीक आकृत्या छापायची, वर्षागणिक वेगळ्या. गंमत अशी की वीस वर्षांनी त्याच आकृत्या पुन्हा यायच्या. म्हणजे काठ सांगणार, ‘१९१६ किंवा १९३६’. मग बेडन-पॉवेलांची मिशी किती पांढरी झालीय ते बघून ठरवायचं.

"रंगीत केलेली जास्त खरी वाटते की"

वाटते. पण रंग कुठून आला ते विचारा. फितीत रंग नाही, फक्त उजेड-अंधाराचं प्रमाण आहे, आणि तेही सरळ नाही. जुनी फीत लाल रंगाला जवळजवळ आंधळी होती. लाल कापड काळं दिसायचं, निळं आकाश पांढरंफटक. १९२०च्या दशकात सगळे रंग ओळखणारी फीत रुळायला लागली. त्याआधीच्या चित्रात काळा दिसणारा स्कार्फ लाल असेल, नाहीतर खरंच काळा असेल. संगणक अंदाज बांधतो आणि तो अंदाज तुम्हाला ठामपणे रंगवून दाखवतो.

हालचाल गुळगुळीत करण्याचंही तेच. १६ चौकटींच्या सेकंदाला ६० चौकटींचा केला, तर ४४ चौकटी संगणकाने स्वतः बनवल्या. त्यांत कुणाचं बोट वितळतं, कुणाची काठी क्षणभर वाकते. भाच्याच्या तिसऱ्या प्रश्नाचं उत्तर म्हणून अवघड आहे: आतला गाभा खरा, वरचं तीन चतुर्थांश कल्पित, असंही असू शकतं. करमणूक म्हणून बघायला हरकत नाही. शाळेच्या प्रदर्शनात लावायची तर शेजारी काळीपांढरी मूळ प्रतही लावावी.

"यूट्यूबवर आहे ना, मग ती रिळं जपायची कशाला?"

ब्रिटिश पाथेने २०१४ मध्ये आपला सुमारे ८५,००० चित्रफितींचा साठा एका झटक्यात यूट्यूबवर ठेवला. फार मोठं काम झालं. पण तिथे असते ती नक्कल, तीही त्या त्या काळच्या यंत्राच्या कुवतीची. सातबाराचा मोबाईलवर काढलेला फोटो जवळ आहे म्हणून तलाठ्याकडचं दप्तर कुणी जाळत नाही. मूळ रिळात जितका तपशील आहे तितका अनेक जुन्या नकलांत उतरलेलाच नाही. उद्या चांगलं यंत्र आलं तर पुन्हा मुळाकडेच जावं लागणार.

मूळ गेलं की काय होतं, हे मराठी माणसाला परक्याने सांगायला नको. सावेदादा, म्हणजे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, यांनी डिसेंबर १९०१ मध्ये केंब्रिजहून परतलेल्या रँग्लर परांजप्यांच्या मुंबईतल्या स्वागताची फीत घेतली. परदेशाहून आलेला माणूस, बंदर, हारतुरे, गर्दी. पाथेच्या वार्तापटाआधी सात वर्षं, आपल्या माणसाने, आपल्या माणसाची घेतलेली. आज ती बघायला मिळत नाही. आणि ८ जानेवारी २००३ रोजी पुण्यात, राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाच्या नायट्रेट फितींच्या कोठाराला आग लागली. शेकडो चित्रपटांची रिळं गेली. ज्या रसायनामुळे ती चित्रं इतकी सुरेख उमटली, त्याच रसायनाने ती खाल्ली.

तुमच्या शाळेच्या किंवा संस्थेच्या कपाटात पत्र्याचा गंजका गोल डबा सापडलाच, तर उत्साहाच्या भरात फीत उलगडू नका, उन्हात नेऊ नका आणि प्रोजेक्टरवर तर मुळीच चढवू नका. नायट्रेट असेल तर धोका जिवाला आहे. गार जागी ठेवा आणि संग्रहालयातल्या जाणकारांना विचारा.

"अशा माणसाचं कौतुक हवंच कशाला?"

हा आक्षेप ब्रिटनमध्येही आहे. साम्राज्याचा शिपाई, वसाहतींतल्या लढायांत घडलेला माणूस. जून २०२० मध्ये पूल गावच्या धक्क्यावरचा त्यांचा पुतळा वादामुळे फळ्यांनी झाकून ठेवावा लागला होता. आक्षेपात तथ्य आहे. पण फीत जपणं म्हणजे आरती ओवाळणं नव्हे. उलट, त्यांची पूजा कशी बांधली गेली हे समजायला याच फितींसारखं साधन नाही: कॅमेरा कुठे ठेवला, मुलांना कुठे उभं केलं, कोण कायम पुढे आणि कोण कायम कडेला.

भाच्याला यातलं निम्मंच सांगितलं. त्याने वेग ०.७५ वर केला आणि फीत पुन्हा लावली. म्हातारे गृहस्थ आता सावकाश, किंचित पाय ओढत चालत होते. आम्ही दोघं त्यांच्याचकडे बघत होतो. निदान मी तरी.

"मावशी, थांब. मागे जा." त्याने बोट ठेवलं तिसऱ्या रांगेत, अगदी कडेला. सगळी रांग ताठ, हात कपाळाला. आणि तो एक मुलगा, जगाचे चीफ स्काऊट समोरून जात असताना, खाली वाकलेला.

"मोजा घसरलाय त्याचा," भाचा म्हणाला.